शेवट केबलवाल्याला विचारा

माझ्या उमेदीची वर्षं भोसरीत दहा बाय बाराच्या एका खोलीत गेली. खोलीत एक पंखा, चार टीव्ही, रिसीव्हरची चळत, सीडी लावायची दोन यंत्रं आणि एक फोन. वर गच्चीत मोठी छत्री. या खोलीला कंट्रोल रूम म्हणायचे, पण कंट्रोल माझ्या हातात कशाचाच नव्हता. वारा सुटला की छत्री हलायची, मिरवणुकीची गाडी उंच निघाली की वायर तुटायची, आणि वीज गेली की लोक वीज कंपनीच्या आधी मला शिव्या द्यायचे.

ज्यांनी तो काळ पाहिला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. छत्रीनं पकडलेलं चित्र काळ्या वायरीतून खांबांवरून, गच्च्यांवरून, कुणाच्या पेरूच्या झाडाला वळसा घालून घरोघरी जायचं. वाटेत त्याचा जोर कमी व्हायचा, म्हणून मध्ये मध्ये जोर वाढवणारे डबे बसवायचे. तरी लाइनीतल्या शेवटच्या घरापर्यंत जाताजाता चित्रात मुंग्या यायच्याच. शेवटचं घर कायम तक्रार करायचं आणि ती कायम खरी असायची.

या सगळ्या चॅनेलांत एक चॅनेल आमचं स्वतःचं. खाली पळणारी पट्टी, तिच्यावर साड्यांचा सेल, टायपिंगचे क्लास, चिरंजीव अमुकचा पहिला वाढदिवस. आणि वर दुपारी दोनला आणि संध्याकाळी सहाला पिक्चर. पिक्चर कुठून यायचे हे विचारू नका. मीही सीडीच्या दुकानदाराला विचारत नसे.

या धंद्यात खोटं बोलावं लागतं हे मला पहिल्याच वर्षी कळलं. दहावीची परीक्षा आली की बाप मंडळी गुपचूप फोन करायची. "राव, आमच्या घराची वायर काढा महिनाभर. पण मी सांगितलं असं म्हणू नका." मग मी खांबावर चढून वायर काढायचो, आणि पोरगं तक्रार घेऊन आलं की गंभीर चेहरा करून सांगायचो, "मोठा फॉल्ट आहे रे, पुण्याहून माणूस यायला हवा." एक निवृत्त मास्तर तर फोन करून म्हणायचे, "आमचे शेजारी टीव्ही फार मोठ्यानं लावतात, तुम्ही तिकडून आवाज कमी करा." मी "करतो सर" म्हणायचो. संध्याकाळी मास्तरांचा आभाराचा फोन यायचा. तो आवाज कमी कसा व्हायचा, हे मला अजून कळलेलं नाही.

पण मला लिहायचंय ते 'पवनचक्की'बद्दल.

हे पिक्चरचं खरं नाव नव्हे. खरं नाव परक्या भाषेत होतं, आम्हाला वाचता येईना. पिक्चर हिंदीत डब केलेला, कुठल्या तरी थंड मुलखातला. माळावर एक पवनचक्की आणि त्या चक्कीतच राहणारं एक कुटुंब. ही चक्की वाऱ्यावर फिरत नाही, घरातलं कुणी गोष्ट सांगत असेल तरच फिरते. गोष्ट थांबली की पाती थांबतात, दळण बंद, चूल बंद. घरातला बाप फार छान गोष्ट सांगणारा. एक दिवस तो गोष्ट अर्धी टाकून निघून जातो. मग आजी ती पुढं नेते, तिच्या गोष्टीत जमिनीखालून चालणारे मासे येतात. मग आई सांगते, मग भाऊ. सगळ्यांच्या गोष्टी संपतात. उरते सगळ्यात धाकटी मुलगी, जी अख्ख्या पिक्चरभर एक शब्द बोललेली नसते. पाती थांबलेली. दारावर थाप पडते. मुलगी दार उघडते, बाहेरच्या माणसाची फक्त सावली दिसते, मुलगी तोंड उघडते...

आणि आमची सीडी अडकायची. चित्राचे चौकोनी तुकडे व्हायचे आणि मुलगी तशीच आ वासून उभी. पहिल्या दिवशी मी सीडी काढली, शर्टाला पुसली, पुन्हा लावली. पुन्हा तिथंच. साबणानं धुतली, टूथपेस्ट लावली, ज्यानं जे सांगितलं ते केलं. शेवटची दहा-बारा मिनिटं काही निघेनात. दुकानदार म्हणाला, एवढाच पीस होता. शेवटी मी पट्टीवर 'तांत्रिक अडचणीबद्दल क्षमस्व' टाकलं आणि भजनाची सीडी लावली.

पाच मिनिटांत फोन वाजला. "ओ केबलवाले, पुढं काय झालं?"

आता आमच्या भागाची एक गंमत लक्षात घ्या. दुपारी दोनचा पिक्चर. सेकंड शिफ्टवाला पावणेतीनला डबा उचलून निघणार. फर्स्ट शिफ्टवाला पावणेचारला घरी येऊन शेवटाला टेकणार. थर्डवाला झोपेतून उठून मधलंच काही तरी बघणार. अख्खा पिक्चर सलग पाहिलेला कामगार मला भोसरीत भेटला नाही. ज्याचं जे सुटलं ते घरचे त्याला जेवताना सांगायचे, त्यात आपल्या पदरचंही घालायचे. पिक्चर बघणं हे आमच्याकडं एकट्याचं काम नव्हतंच. त्यामुळं शेवट सुटला तेव्हा लोकांनी अगदी सरळपणे, ज्यानं तो पाहिला असणार त्याला विचारलं. तो म्हणजे मी.

मी पाहिलेला नव्हता. पण "मलाही ठाऊक नाही" असं केबलवाल्यानं म्हणायचं म्हणजे दुकानदारानं आपल्याच मालाला नावं ठेवण्यासारखं. मी सांगून टाकलं, "चक्कीखाली खजिना सापडतो." फोन करणारा एका वर्कशॉपचा वॉचमन होता. तो खूश झाला. पुढचा फोन मास्तरांचा. त्यांना म्हणालो, "आजी जाते, पण मुलगी तिची गोष्ट पुढं चालवते." मास्तरांनी दोनदा आभार मानले. एका तालीमवाल्याला सांगितलं की दारात राक्षस असतो आणि बाप मागून येऊन त्याला लोळवतो. फोनवरच्या आवाजावरून माणसाला काय ऐकायचंय ते मला कळायचं. निदान तसं मला वाटायचं.

दोन महिन्यांनी फर्माईश आली, 'पवनचक्की' लावा. लावला. तिथंच अडकला. पुन्हा फोन. असा तो पिक्चर मी किती वेळा लावला असेल देव जाणे. तेव्हाचे मोठमोठे हिट सिनेमे लोक विसरले, पण आजही भाजी मंडईत कुणी तरी गाठतोच. "भावा, ती पवनचक्की रे!" त्यात एवढं काय होतं? मला विचाराल तर पिक्चर बेताचाच. ते मासे तर उघड उघड रबराचे होते. मग तो एवढा का टिकला? डोकं खाजवूनही मला याचं उत्तर मिळालेलं नाही. कधी वाटतं, सीडी चांगली असती तर लोक आठवड्यात विसरले असते. मग वाटतं, हे आपण आपल्याच मोठेपणासाठी म्हणतोय.

त्या फोनांमध्ये दोन फोन असे होते की तेव्हा मला त्यांत काहीच विशेष वाटलं नाही.

पहिला कमलताईंचा. आमच्या लाइनीतलं अगदी शेवटचं घर त्यांचं, म्हणून ओळख तक्रारीतूनच झालेली. त्यांचा नवरा एका वर्कशॉपमध्ये लेथवर होता. वर्कशॉप बंद पडलं. तरी तो महिनाभर रोज डबा घेऊन सकाळी निघायचा, आणि एक दिवस तसाच डबा घेऊन गेला तो परत आलाच नाही. कमलताई शिवणकाम करून घर चालवायच्या. दाराबाहेर नवऱ्याचे कंपनीचे जाड बूट कायम ठेवलेले असायचे. घरात पुरुष माणूस आहे असं येणाऱ्या-जाणाऱ्याला वाटावं म्हणून, असं गल्लीत म्हणायचे.

फोनवर त्या एवढंच म्हणाल्या, "दादा, दारात बापच असतो ना? त्याला घरात घेत्यात का न्हाई?"

मी म्हणालो, "घेतात ताई. सगळे रडतात, आणि चक्की अशी फिरते की विचारू नका."

"व्हय?" म्हणाल्या, आणि फोन ठेवला.

दुसरा फोन एका लहान मुलीचा. नाण्याचा फोन होता, मागं पिठाच्या गिरणीचा आवाज. "काका, ती मुलगी शेवटी बोलते का?" आवाजात असा काही राग होता की मी बिचकलो. म्हणालो, "बोलते. ती बापाला सांगते, आमची चक्की आम्ही चालवतो, तुम्ही जा." पलीकडून "बरोबर," एवढंच आलं, आणि नाणं संपलं.

ती मुलगी कमलताईंची शीतल होती, हे मला मागच्या वर्षी कळलं.

मधल्या काळात माझी छत्री भंगारात गेली. आता मी घरोघरी इंटरनेटची वायर टाकतो. पातळ आणि पांढरी असते, शेवटच्या घरातही मुंग्या येत नाहीत, आणि पुढं काय झालं असं कुणी विचारत नाही. कमलताई चिंचवडला फ्लॅटमध्ये गेल्या. शीतल इंजिनियर झाली, चाकणच्या एका कंपनीत मशीनच्या पार्टची तपासणी बघते. एका रविवारी तिचा फोन आला. "काका, घरी याल का? आईला आणि मला तुम्हाला एक विचारायचंय. वायरीचं नाही."

गेलो. लिफ्टमधून उतरलो तर फ्लॅटच्या दाराबाहेर, चपलांच्या रॅकवर सगळ्यात वर, तेच जाड बूट.

मायलेकी एकमेकींपासून लांब बसलेल्या. चहा झाला. शीतल म्हणाली, "बाबांचा फोन आलाय." इतकी वर्षं ते गुजरातेत कुठं कुठं होते. आता तळेगावला पुतण्याकडं आलेत. दम लागतो, काम होत नाही. घरी येऊ का, विचारतायत.

"येऊ दे म्हणते मी," कमलताई म्हणाल्या. "माणूस दारात आल्यावर घरात घेत्यात. पिच्चरमधे बी घेतलाच की त्याला."

"आई, नाही घेतलेलं!" शीतल एकदम उसळली. "ती मुलगी त्याला जा म्हणते. मी कितीदा सांगितलंय तुला! काका, तुम्हीच सांगा. तुम्ही पाहिलाय ना? महिनाभर आमचं हेच चाललंय. मी म्हणते काकांनी मला स्वतः सांगितलंय, ही म्हणते तिला स्वतः सांगितलंय."

दोघी माझ्याकडं बघत होत्या. माझ्या हातात रिकामा कप होता. खरं सांगतो, खांबावर शॉक बसला तेव्हाही मी इतका गडबडलो नव्हतो. खजिना, राक्षस, आजी, सगळे शेवट डोक्यात फिरायला लागले. तिसरा एखादा सांगून सुटावं, असंही क्षणभर मनात आलं. दोघींनाही चालेल असा शेवट जुळवायला मला दोन मिनिटं लागली नसती.

"मी शेवट पाहिलेलाच नाही," मी म्हणालो. "सीडी खराब होती. ज्यानं विचारलं त्याला मनाला येईल ते सांगत गेलो."

कमलताईंनी माझ्या हातातला कप काढून घेतला. शीतल मात्र उभी राहिली. "काका, मी ते वाक्य लहानपणापासून पाठ केलंय. आमची चक्की आम्ही चालवतो. कॉलेजची फी भरायला आईची मशीन रात्रंदिवस चालायची ना, तेव्हा मी मनात हेच म्हणायचे. इंटरव्ह्यूला जाताना म्हणायचे. आणि ते तुम्ही असंच, मनाला आलं म्हणून?"

मला लाज वाटत होती. आणि खोटं कशाला बोलू, आत कुठं तरी बरंही वाटत होतं. दोन्ही एकदम कसं वाटू शकतं ते मला माहीत नाही.

निघताना शीतलनं विचारलं, "सीडी आहे अजून?" सीडी मी टाकली नव्हती. दुसऱ्या रविवारी कव्हरसकट घेऊन गेलो. कव्हरवरच्या बारीक परक्या अक्षरांचा तिनं फोटो काढला, इकडं तिकडं शोधलं, आणि अर्ध्या तासात अख्खा पिक्चर लॅपटॉपवर हजर. इतकी वर्षं जो शेवट मी साबणानं धुऊन शोधला, तो असा बसल्या जागी निघाला.

फक्त एक अडचण होती. हा मूळ पिक्चर होता. हिंदी नाही, खाली अक्षरं नाहीत.

शीतलनं शेवट लावला. थाप पडली. मुलीनं दार उघडलं. सावली दिसली. मुलीनं तोंड उघडलं, आणि माझा हात आपोआप भजनाची सीडी शोधायला लागला. पण चित्र पुढं सरकलं. सावली पुढं आली. बापच होता, थकलेला, टोपी हातात धरून उंबऱ्याबाहेर उभा. मुलगी त्याच्याशी तीन-चार शब्द बोलली. हसून नाही, रागानंही नाही. त्यानं मान हलवली. मग कॅमेरा वर गेला, चक्कीची पाती हळूहळू फिरायला लागली, आणि नावं सुरू झाली.

"काय म्हणाली ती?" कमलताईंनी विचारलं.

शीतलनं पुन्हा लावलं. तिसऱ्यांदा लावलं. या म्हणाली, जा म्हणाली, की पाणी हवंय का विचारलं, काही पत्ता लागेना. तो आत आला की परत गेला, तेही दाखवलेलं नाही.

"थांबा, फोनला ऐकवते. तो भाषांतर करून देतो," म्हणत शीतलनं मोबाइल उचलला.

कमलताईंनी तिचा हात धरला. "नगं. ती तिच्या बापाला काय म्हनली ते कळून आपल्याला काय करायचंय? तू तुझ्याला काय म्हननार, ते सांग मला."

शीतलनं लॅपटॉपकडं बघितलं. पडद्यावर नुसती काळी पाटी होती. मग म्हणाली, "मला माहीत नाही गं आई. खरंच माहीत नाही." आणि लॅपटॉप मिटत, "दारापर्यंत येऊ देत. पुढचं मी तिथं बघेन."

मी घरी आलो. आता माझी गत बघा. पहिला आठवडा कसाबसा काढला. दुसऱ्या आठवड्यात राहवेना, कमलताईंना फोन लावला. "ताई, पुढं काय झालं?"

"आले ना! चहा बी घेत्यात," त्या म्हणाल्या.

मला फार बरं वाटलं. तरी खात्री करावी म्हणून शीतलला लावला. ती म्हणाली, "नाही काका, घरात नाही घेतलं. परत गेले."

मी फोन हातात धरून बसलो. माझ्याच धंद्यातला डाव मायलेकींनी माझ्यावर उलटवला की काय? बायकोनं विचारलं, काय झालं? म्हटलं, दोन शेवट आलेत.

मग एका रविवारी शीतलनंच बोलावलं. इंटरनेट बंद पडलं होतं. या वेळी खरंच वायरीचं काम होतं. लिफ्टमधून बाहेर आलो तर फ्लॅटच्या दाराबाहेर पॅसेजमध्ये प्लास्टिकची खुर्ची मांडलेली, आणि तिच्यावर एक वाळलेला म्हातारा माणूस चहाची बशी धरून बसलेला. शेजारी रॅकवर ते बूट. पायात त्याच्या साध्या स्लिपर होत्या. दार सताड उघडं. उंबऱ्याच्या आत शीतल जमिनीवर लॅपटॉप घेऊन बसलेली, तोंड त्याच्याकडं नाही. कमलताई ओट्यापाशी.

दोघीही खरं तेच बोलल्या होत्या. तो दर रविवारी तळेगावहून लोकलनं येतो, खुर्चीवर बसतो, चहा घेतो आणि परत जातो. शीतलची अट एकच होती. डबा घेऊन घरातून निघालात त्या सकाळपासून सगळं सांगायचं, काही गाळायचं नाही. संपलं की आत घ्यायचं की नाही ते ती ठरवणार. चार रविवार झाले होते आणि म्हातारा अजून सुरतेपर्यंतच पोचला होता.

मी त्याच्या खुर्चीला वळसा घालून आत गेलो, भिंतीवरची पेटी उघडली. वायर वाकून तुटली होती, वीस मिनिटांचं काम. बाहेर तो सांगत होता. बोलायची सवय गेलेला माणूस होता, शब्द शोधत होता. सुरतेच्या एका गिरणीत लागलो, म्हणाला. तिथं एक दिवस पगार घेऊन स्टेशनवर गेलो, घरी यायचं तिकीट काढलं, गाडीत बसलो सुद्धा. आणि तो थांबला. बशी खाली ठेवली. सांगावं की नाही अशा नजरेनं आत बघितलं.

कमलताईंनी गॅस बंद केला. मी हातातली पकड हळूच खाली ठेवली.

शीतलनं मान वर केली नाही. लॅपटॉपकडं बघतच ती म्हणाली, "मग?"

माझी वायर जोडून झाली होती. हिरवा दिवा लागला होता. सामान उचलून, नमस्कार करून निघायला हवं होतं, हे मला कळत होतं. पण मी पेटी पुन्हा उघडली आणि काही तरी तपासत असल्यासारखा तिथंच उभा राहिलो.